हसण्याआधीचा तुकडा

धुळे, ९ जुलै १९७३

एडिटिंगचं यंत्र एकदाचं चालू झालं. सोहनलालशेठनी ते मुंबईच्या लिलावातून उचललं तेव्हा सांगत होते, "गिरधरभाऊ, शिवणयंत्रासारखं गोड चालतं." मला तर पिठाची गिरणी सुरू झाल्यासारखं वाटलं. त्यांच्या टॉकीजच्या माडीवर पूर्वी मोडक्या खुर्च्या टाकत, तिथे आता मी बसतो. मोडक्या खुर्च्यांची जागा रिकामी राहू नये एवढी काळजी शेठनी घेतली आहे.

चौदा वर्षं मुंबईत चित्रपट कापले. दोन चित्रपटांवर संकलक म्हणून माझं नाव आलं, माझ्या गावच्या, सावद्याच्या लोकांनी ते बघून शिट्ट्या मारल्या. आता दुष्काळी कामांवरचा सरकारी माहितीपट कापतोय. गावात कोणी विचारलं मुंबई का सोडली, तर सांगतो की हवा मानवली नाही.

कॅमेरामन पंडितनं चार महिने हिंडून शूट केलंय. कॅमेरा त्याच्या हातात लोण्यासारखा फिरतो, पण कुठला शॉट कुठल्या गावचा याची नोंद म्हणून ठेवायची नाही. सगळं चित्रण मुकं आहे. आवाज फक्त शेवटच्या भाषणाला आहे.

११ जुलै

तेच भाषण नडतंय. बोरखेडे या गावी पाझर तलाव पुरा झाला, त्याचा समारंभ जूनमध्ये झाला. पुढारी आधी सुरुंगात गेलेल्या एका मजुराला श्रद्धांजली वाहतात, दोन मिनिटं स्तब्ध उभे राहतात आणि लोक बसताक्षणी विनोद करतात. समोरची मंडळी एरंडेल प्यायल्यासारखी बसली आहेत. विनोदानंतर एक हसरा चेहरा लागतोच, नाहीतर माहितीपट तिथेच मरतो. पंडितला म्हटलं, एकही माणूस हसला नाही? तो म्हणाला, "तुम्ही हसला असता का?"

१४ जुलै

मिळाला. पंडितच्या एप्रिलच्या रिळात खडी फोडणाऱ्या बाया आहेत. त्यातली एक हातोडी थांबवते, मान वर करते आणि हसते. कपाळावर घाम, मनगटात हिरव्या बांगड्या, आणि हसू असं की बघणाऱ्याला आपला चेहरा आवरावा लागावा. पंडित तिच्या अगदी जवळ गेला आहे, त्यामुळे मागे नुसतं आभाळ. कुठेही जोडा, बसतं.

शॉटच्या सुरुवातीला एक आडदांड मजूर घमेलं टोपीसारखं डोक्यावर घालून मध्येच घुसतो. तिला काहीतरी बोलतो आणि जाता जाता कॅमेऱ्याकडे बघून दात काढतो. समोरचा एक दात पडलेला. असल्या विदूषकांनी माझा निम्मा जन्म खाल्लाय. त्याला कापलं आणि हसू तेवढं ठेवलं.

पण मुकं हसणं भाषणानंतर चालत नाही. कपाटावरच्या जुन्या डब्यात डबिंगच्या दिवसांतलं एका बाईचं हसणं पडून होतं. ते लावलं. ओठाला ओठ बसले. तो डबा उघडायचा नाही असं ठरवलं होतं, पण कामापुढे माणूस काय करणार?

३ ऑगस्ट

शेठनी चित्रपट पाहिला. हसणाऱ्या बाईपाशी मांडीवर थाप मारली. "कमाल हसते हो ही बाई! आता मुंबईवाल्यांना दाखवू. फीचर फिल्म सुरू करतायत, एडिटर शोधतायत. जानेवारीत येतील." सरकारी साहेबांनीही पास केला. प्रचाराची गाडी तो गावोगाव दाखवणार आहे.

माझ्या खोलीतल्या पिशव्या बघून शेठ कुरकुरले. कापलेले तुकडे मी टाकत नाही, नावं घालून पिशव्यांत भरून ठेवतो. आधी असा नव्हतो. आधी केळीची सालं फेकावी तसे फेकायचो. माझी बायको पुष्पा म्हणायची, "माणसं फेकता तुम्ही, काही वाटत नाही?" आज पुष्पाला जाऊन तीन वर्षं झाली. सावद्याहून तार आली तेव्हा एका चित्रपटाचा शेवट टेबलावर होता. म्हटलं, एवढा संपवू आणि निघू. निघालो, पण उशीर झाला होता. असो. मुंबईवाल्यांसाठी दुसरी प्रत काढायला हवी.

२१ ऑक्टोबर

दुपारी एक माणूस जिना चढून आला. पायांत नव्या चपला, हातात टोपी. दारातूनच म्हणाला, "पिच्चर कापनारा तुम्हीच का?"

नाव जीवराम. अमळनेरकडच्या एका खेड्यातला. "मनी बहीण बेबा. बोरखेडाले दिएल शे. तिना नवरा झुलाल सुरुंगमा गया. अन् तुम्हना पिच्चरमा ती हासस."

मला आधी कळेचना. मग लक्षात आलं. प्रचाराची गाडी बोरखेड्यात जाऊन आली होती. सगळ्या गावानं पाहिलं, की झुलालला श्रद्धांजली वाहून झाल्यावर झुलालची विधवा खदखदून हसते आहे.

"ती तठे व्हतीच नही, भाऊ. घरना कोपरामा बठेल व्हती. पन आते कोन आयकस? हातमा बांगड्या, कपायले कुकू. बठ्ठा सांगतस, कुकू लाइसन पुढारीले दखाले गयी."

मी म्हटलं, पण बांगड्या आहेत म्हणजेच शॉट आधीचा आहे, एवढं दिसत नाही का लोकांना? नवरा गेल्यावर बांगड्या राहिल्याच कुठे?

तो म्हणाला, "आम्ही तेच सांगं. त्या सांगतस, म्हनीसनच तर लाज शे." म्हणजे विधवा होऊनही बांगड्या भरून गेली, हीच तर लाज.

बेबाबाईला तीन वर्षांची मुलगी आहे. सासरचे म्हणतात, संक्रांतीनंतर बेबानं माहेरी जावं आणि मुलगी इथेच राहील. मी त्याला चहा पाजला. फिल्ममध्ये असं चालतं, एकाचा चेहरा दुसरीकडे लावतात, हे समजावून सांगितलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाला, "आमनाकडे नही चालत." आणि टोपी घालून गेला.

२२ ऑक्टोबर

मी काय मुद्दाम केलं? चौदा वर्षं हेच केलं. एका नटीचे अश्रू दुसऱ्या प्रसंगात लावले, एकीच्या पाठीला दुसरीचा चेहरा दिला. पण त्या बाया चेहरा पुसून घरी जायच्या. हिला कोणी विचारलंच नव्हतं. दोष द्यायचा तर पंडितला द्यावा, त्यानं नोंद ठेवली नाही. पंडितला तसं बोललो. तो म्हणाला, "मी हसताना घेतली. कुठं हसवायची ते तुम्ही ठरवलं." मी त्याच्यावर ओरडलो. त्याचं बरोबर होतं म्हणून जास्तच ओरडलो.

५ नोव्हेंबर

दिवाळी गेली. कामात मन नाही. दुसऱ्या माहितीपटाची रिळं बघतोय, विषय कापूस. जिनिंगमधल्या बाया ओळीनं बसल्यात आणि त्यातली प्रत्येक मान वर करणार असं वाटतं. यंत्र बंद केलं तरी ते हसणं कानात राहतं. चित्रातल्या बाईला आवाजच नाही, मग मी ऐकतो ते कोणाचं, हा प्रश्न मी स्वतःला विचारत नाही.

११ नोव्हेंबर

बोरखेड्याला जाऊन आलो. अमळनेरपर्यंत एसटी, पुढे बैलगाडी. झुलालची आई भागाबाई ओट्यावर तूर निवडत बसली होती. मी ओळख सांगितली, चूक कशी झाली ते सांगितलं. ती सूप हलवत राहिली.

"मी तिना जवयच बठेल व्हतू, भाऊ," ती म्हणाली. "त्या दिन भाकर मीच दिधी तिले."

मला हायसं वाटलं. म्हटलं, अक्का, मग तर प्रश्नच मिटला!

"पन पिच्चरमा ती तठे शे. मी डोयाघाई दखं. माले डुलकी लागी गयी व्हई."

स्वतःच्या घरात, स्वतःच्या शेजारी बसलेली सून तिनं पुसून टाकली आणि माझ्या अडीच सेकंदांवर विश्वास ठेवला. मी पुन्हा सांगू लागलो, तर म्हणते, "आवाजबी तिनाच शे. चार वरीस मना घरमा आयका मी तो आवाज."

"अक्का, आवाज तिचा नाही. तो दुसऱ्याच बाईचा आहे."

तिनं पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. "कोन बाई?"

मला नाव सांगता आलं नाही. उठलो. दाराआड पदराची सावली होती आणि एक लहान मुलगी त्या पदराला धरून माझ्याकडे बघत होती. बेबाबाई तेवढीच दिसली. ज्या चेहऱ्याचा घाम मला पाठ आहे, तो चेहरा समोर असून मला पाहता आला नाही.

१३ नोव्हेंबर

आज मुंबईला लॅबकडे कळवलं. पुढच्या प्रतींतून हसण्याचा शॉट काढायचा, तिथे झाडाचा शॉट टाकायचा. बोरखेड्यात नवी प्रत पुन्हा दाखवायची. शेठ नाराज झाले, पण मुंबईवाल्यांसाठी जुनी प्रत राखून ठेवली आहे म्हटल्यावर गप्प बसले. मीही गप्प बसलो. झाकली मूठ सव्वा लाखाची.

४ डिसेंबर

करायला गेलो गणपती आणि झाला मारुती. जीवराम आला. नव्या प्रतीत बेबा नाही हे लोकांनी पाहिलं आणि निवाडा केला, "काढी टाकं म्हनजे खरंच व्हतं. भावानी धुयाले जाइसन पाय धरात." म्हणजे जीवरामनं धुळ्याला येऊन माझे पाय धरले, म्हणून मी तिला काढलं. लावलं तरी ती गुन्हेगार, आणि काढलं तर दुप्पट.

जीवराम या वेळी रागावला नाही, त्याचंच मला जास्त लागलं. जिन्यात बसून म्हणाला, "पोर रातदिन मायना गयामा पडेल ऱ्हास. कशी तोडशात तिले?"

६ डिसेंबर

एकच उपाय उरतो. तो शॉट कापण्याआधी होता तसा अख्खा दाखवायचा. खडीचा ढीग, एप्रिलचं उन्ह, बाजूच्या बाया, मग ती. आजूबाजूचं सगळं दिसलं की समारंभ नव्हे, हे आंधळ्यालाही कळेल.

शेठना सांगितलं. ते भडकले. "गिरधरभाऊ, गावभर सांगणार काय, की सरकारी पिक्चरमध्ये चेहरे खोटे लावले? साहेबांना कळलं तर मला काम मिळणार नाही. आणि मुंबईवाले? ते असल्या माणसाच्या हाती फीचर देतील?" हे सगळं खरं आहे. मला ती फीचर हवी आहे. या खुर्च्यांच्या खोलीत मरायची मला भीती वाटते, हे इथे लिहायला हरकत नाही.

पिशवी सापडली. त्या विदूषक मजुराचा तुकडा तिथेच होता, जरा वळलेला. तो मध्ये लुडबुडतो, पण त्याच्यामागेच खडीचा ढीग आणि बाया दिसतात. पुरावा म्हणून त्याला ठेवणं भाग आहे. जोडला.

१५ डिसेंबर, अमळनेर

बोरखेड्याहून परत येऊन इथे एसटीच्या बाकावर लिहितोय. काल जे झालं ते जसंच्या तसं लिहून काढतो.

पंडित स्वतःहून माझ्याबरोबर आला. शाळेत वीज आहे. भिंतीवर धोतर ताणलं आणि प्रोजेक्टर बाकावर ठेवला. अंधार पडल्यावर लोक जमले. पुढे पुरुष, मागे बाया, भागाबाई मधोमध पोरीला मांडीवर घेऊन, आणि बेबाबाई अगदी मागे भिंतीला टेकून. जीवराम दारात उभा. मी मोठ्यानं सांगितलं, की चूक माझी आहे, हा शॉट एप्रिलमधला, आखाजीच्या म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या आधीचा आहे, आता अख्खा बघा. लोक भिंतीकडेच बघत राहिले. पालथ्या घड्यावर पाणी, असं मनात आलं.

यंत्र सुरू केलं. आवाज नव्हताच, फक्त फिल्मची खरखर. खडी, उन्ह, बाया. मग तो मजूर घमेलं डोक्यावर घालून आत आला.

पुढच्या रांगेतला एकजण ताडकन उठला. "झुलाल!"

मला पहिल्यांदा वाटलं, कोणी आलं म्हणून हाक मारताहेत. मी दाराकडे पाहिलं. दारात जीवराम भिंतीकडे डोळे लावून रडत होता. मग कळलं.

तोपर्यंत झुलाल तिच्याशी बोलून वळला होता. पडक्या दातानं अख्ख्या गावाकडे बघून हसला आणि निघून गेला. मग ती हसली. पट्टी संपली, धोतरावर पांढरा उजेड राहिला. पाच महिने तो माझ्या पिशवीत होता. मी त्याला विदूषक म्हणत होतो.

"परत दखाडा," भागाबाई म्हणाली.

परत दाखवलं. ती पोरीला शेजारणीकडे देऊन पुढे आली, तेव्हा तिची सावली मुलावर पडली, म्हणून ती बाजूला सरकली. तिसऱ्यांदा तो वळल्यावर म्हणाली, "तठे थांबाडा. जाऊ नका देऊ त्याले."

"थांबवलं तर यंत्राच्या दिव्यानं जळेल, अक्का," मी म्हणालो, आणि बोलल्यावर जीभ चावली. सुरुंगात गेलेल्या माणसाच्या आईशी मी हे बोललो. मी पट्टी पुन्हा लावली. किती वेळा लावली कोण जाणे, पंडित शेजारी उभा राहून नुसता गुंडाळत होता.

शेवटी भागाबाई मागे वळली. "बेबा. काय बोलना व तो तुले?"

सगळ्यांच्या माना मागे गेल्या. बेबाबाई उठली, बायांमधून वाट काढत आली. डोक्यावरचा पदर सावरून सासूच्या कानाशी वाकली आणि काहीतरी बोलली. फार नाही, चार-सहा शब्द असतील.

आणि भागाबाई हसली. पदर तोंडावर घ्यायचंही तिला सुचलं नाही. मेलेल्या मुलासमोर, अख्ख्या गावासमोर ती म्हातारी पोट धरून हसली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि हसणं थांबत नव्हतं. तिला नावं ठेवायला कोणाची जीभ उचलली नाही.

"तसाच व्हता तो मेला," ती म्हणाली. "न्हानपनपासून तसाच." मग सुनेचं रिकामं मनगट धरलं. "चाल व बेबा, पोर भुकी व्हई."

त्या तिघी गेल्या. जीवराम त्यांच्यामागे दोन पावलं गेला आणि मग थांबला. त्याला आता जायचं कारण उरलं नव्हतं.

सकाळी आम्ही निघालो तर भागाबाई वाटेत उभी. "तो तुकडा माले द्या." मी म्हटलं, अक्का, यंत्राशिवाय तो चालणार नाही, नुसती बारकी बारकी चित्रं दिसतील. म्हणाली, "दिसस ना? मंग झालं." मी जोड सोडवली आणि झुलालचा तुकडा तिला दिला. तिनं उन्हाकडे धरून पाहिलं, गुंडाळी केली आणि पदराच्या टोकाला गाठ मारली.

धुळे, १८ डिसेंबर

शेठना सगळं सांगितलं. मुंबईवाल्यांना जुनी प्रत दाखवायची नाही असंही सांगितलं. ते हिशेबनिसासारखे माझ्याकडे बघून म्हणाले, "मग दाखवायला तुमच्याकडे राहिलं काय?" आणि ते खाली गेले. जानेवारीत मुंबईवाले बहुतेक येणार नाहीत.

२० डिसेंबर

आज जुना डबा उघडला.

ते हसणं पुष्पाचं आहे. इथे लिहायला मला पाच महिने लागले. दादरच्या रेकॉर्डिंग हॉलमध्ये डबिंगवाल्या बाया आल्या नव्हत्या आणि पुष्पा माझा जेवणाचा डबा घेऊन आली होती. म्हटलं, तूच हस. ती लाजून माइकसमोर उभी राहिली, तिला हसूच येईना. मग काचेमागून स्पीकरवर मी काहीतरी बोललो आणि ती अशी हसली की रेकॉर्डिस्टही हसू लागला. नंतर तेच हसणं मी तीन चित्रपटांत वापरलं. शेवटी बेबाबाईच्या तोंडात घातलं, आणि भागाबाई म्हणाली, आवाज तिचाच आहे.

पट्टी लावून ऐकली. पुन्हा ऐकली. मी तिला काय म्हणालो होतो ते आठवत नाही. खूप आठवून पाहिलं, आजची सगळी दुपार त्यात गेली. झुलाल काय म्हणाला ते बेबाबाईला माहीत आहे, आता भागाबाईलाही माहीत आहे. मी काय म्हणालो ते पुष्पाला माहीत होतं. पट्टीवर शोधायला गेलो, तर ती हसण्यापासूनच सुरू होते. आधी माझा आवाज होता. कामाचा नव्हता, म्हणून मीच तो कापला आणि त्या काळात मी तुकडे ठेवत नसे.